चांगदेवाने कागद कोरा का पाठवला?

ऑफिसात माझ्या शेजारी एक मित्र बसतो. रात्रीचं डिप्लॉयमेंट चालू असतं, सगळे स्क्रीनकडे डोळे लावून बसलेले असतात, आणि हा इअरफोन घालून 'एल्डर स्क्रोल्स' या गेमच्या जगाचं तत्त्वज्ञान समजावणारे लांबलचक व्हिडिओ ऐकत असतो. 'ड्रॅगन ब्रेक' ही भानगड मला त्यानेच सांगितली. त्या जगात काळाचा देव ड्रॅगन आहे. कधीकधी काळ तुटतो, आणि तेवढ्या अवधीत एकमेकांशी न जुळणाऱ्या सगळ्याच गोष्टी खऱ्या ठरतात.

ही कल्पना आली कुठून, ते जास्त मजेशीर आहे. या मालिकेतला 'डॅगरफॉल' हा गेम १९९६ साली आला. त्याला अनेक शेवट होते, खेळणारा निवडेल तो त्याचा शेवट. पुढचा भाग लिहायची वेळ आली तेव्हा प्रश्न पडला, की आता यातला खरा कुठला धरायचा? लेखकांनी एकही शेवट फेकला नाही. सगळे एकदमच घडले, कारण काळ तुटला होता, असं ठरवून टाकलं. आमच्या भाषेत हा मर्ज कॉन्फ्लिक्ट झाला. दोन्हीकडचा कोड ठेवायचा म्हणून त्यांनी एक अख्खी दर्शनपरंपरा लिहून काढली. मला हे मनापासून आवडलं.

मित्र पुढे म्हणाला, "आपल्याकडं असलं काही नाही यार. आपल्याकडं चमत्कार, आणि खाली तात्पर्य."

मी म्हणालो, "चांगदेव?"

"तो वाघावाला ना? गर्वहरण."

माझं भांडण या एका शब्दाशी आहे. चौदाशे वर्षं जगलेल्या माणसाची गोष्ट आपल्याकडे आहे. काळ म्हणजे काय आणि तो जाणणारा कोण, हे तिच्यात एका पत्राच्या मायन्यावर येऊन अडतं. आणि शाळेपासून आपण तिच्याखाली 'गर्वाचे घर खाली' लिहून मोकळे होतो.

आधी चौदाशेचं बघू. इतिहासाच्या कागदांत चांगदेव एक सापडत नाही. 'तत्त्वसार' हा ग्रंथ चांगा वटेश्वराच्या नावावर आहे, तो शके १२३४ चा, म्हणजे १३१२ सालचा, आणि त्याचा संबंध हरिश्चंद्रगडाशी सांगितला जातो. (कोकणकड्यावर सेल्फी काढून उतरणाऱ्यांपैकी मीही एक होतो. देवळात आपण कुणाच्या घरी आलोय याचा पत्ता नव्हता.) ज्ञानेश्वरांची समाधी १२९६ ची. म्हणजे ज्या चांगदेवाचं गर्वहरण होऊन कधीच संपलं असं आपण समजतो, तो पंधरा-सोळा वर्षांनी ग्रंथ लिहितोय. तापी आणि पूर्णेच्या संगमावर, जळगाव जिल्ह्यात, चांगदेव नावाचं गाव आणि देऊळ आहे. पुणतांब्याला त्याची समाधी दाखवतात. शिवाय याच नावाचा एक माणूस यादवांचा राजा सिंघण याच्या दरबारी ज्योतिषी होता. तो भास्कराचार्यांचा नातू. तेराव्या शतकाच्या सुरुवातीला त्याने चाळीसगावजवळच्या पाटण इथे आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढला, असं तिथला शिलालेख सांगतो. हा काही आपला योगी नव्हे. पण ज्याचा धंदाच काळ मोजण्याचा, असाही एक चांगदेव याच मुलखात होऊन गेला.

चांगदेव एकाहून अधिक असावेत, असा तर्क अभ्यासकांनी मांडलेला आहेच. मला त्यात डॅगरफॉल दिसतो. वेगवेगळ्या ठिकाणचे, वेगवेगळ्या काळातले चांगदेव लोकांच्या हाती आले असतील. लोकांनी एकही फेकला नाही. सगळे एकच, म्हणाले. तो मेलाच नव्हता. हा माझा अंदाज आहे, पुरावा नाही. पण अशा गोष्टी अशाच जन्मतात हे गेम बनवणाऱ्यांनी आपल्या डोळ्यांदेखत दाखवलंय.

फरक पुढे पडतो. गेमच्या लेखकांनी अडचण सोडवली आणि ते पुढच्या नकाशाकडे वळले. आपल्या गोष्टीने उलट विचारलं, की बरं, जगला चौदाशे वर्षं, मग त्याचं झालं काय?

जगण्याची त्याची युक्तीही गोष्टीत दिलेली आहे. शंभर वर्षं भरली की मृत्यू न्यायला येणार. त्या वेळी चांगदेव प्राण ब्रह्मरंध्रात चढवून समाधी लावायचा. मृत्यू यायचा, घर रिकामं बघून परत जायचा. वेळ टळली की हा प्राण खाली उतरवून पुढची शंभर वर्षं जगायला मोकळा. वसुलीवाला आला की मागच्या दाराने निघून जाणाऱ्या माणसासारखं हे आहे. चौदा वेळा त्याने असं केलं. म्हणजे त्याने काळावर मात केली नव्हती, तारखा चुकवल्या होत्या. साठवली मात्र भरपूर वर्षं. आमच्या क्षेत्रात रेझ्युमेवर पहिली ओळ 'एकूण अनुभव: इतकी वर्षे' अशी असते, चांगदेवाचा रेझ्युमे चौदाशेचा.

आणि हा माणूस ज्ञानेश्वर नावाच्या एका पोराला पत्र लिहायला बसतो.

पत्राला मायना लागतो. तुम्ही कधी हाताने पत्र लिहिलं नसेल तर लग्नपत्रिका आठवा. मोठ्याला 'ती.', म्हणजे तीर्थरूप किंवा तीर्थस्वरूप. धाकट्याला 'चि.', म्हणजे चिरंजीव. त्याखाली मोठ्याला नमस्कार, धाकट्याला आशीर्वाद. मराठीत या दोन खणांपैकी एक निवडल्याशिवाय पत्र सुरूच होत नाही. चांगदेव लेखणी हातात धरून बसला. पोरगं वयाने लहान, म्हणून चिरंजीव लिहावं, तर ज्ञानाने मोठं. तीर्थस्वरूप लिहावं, तर आपण चौदाशे वर्षांचे. त्याला ठरवता येईना. त्याने कोरा कागद पाठवून दिला.

इथे थांबायला पाहिजे, आणि इथेच कुणी थांबत नाही. सगळ्यांना वाघाची घाई. ज्याला गर्व आहे तो माणूस अडतच नाही. तो बिनदिक्कत 'चि. ज्ञानदेवास अनेक आशीर्वाद' लिहून मोकळा होतो. आपल्या ओळखीच्या कुठल्याही वरिष्ठाला विचारा. चांगदेव अडला, कारण त्याच्या हाती असलेलं एकमेव माप इथे लागू पडेना, आणि ते लागू पडत नाही हे त्याला कळलं. वय एक सांगतंय, जाण दुसरंच सांगतेय. आजवर दोन्ही एकाच रांगेत वाढतात असं तो धरून चालला होता. कोरा कागद हा त्याचा उद्धटपणा नाही, त्या गोष्टीतलं त्याचं पहिलं खरं बोलणं आहे.

आणखी एक गंमत बघा. 'चिरंजीव' या शब्दाचा अर्थच पुष्कळ जगणारा. ज्याच्यापाशी पुष्कळ जगण्याखेरीज काही नाही, त्याला दुसऱ्याला 'पुष्कळ जग' म्हणायचंय, आणि नेमका तोच शब्द त्याला लिहवत नाही. त्याला ठाऊक आहे की तो आशीर्वाद काय लायकीचा आहे. सगळी मराठी शब्दसंपदा धुंडाळली तरी या प्रसंगाला याहून नेमका शब्द मिळाला नसता.

कागद आळंदीला पोचला. मुक्ताबाईने तो बघितला आणि म्हणाली, की इतकी शतकं जगून हा कोराच राहिला. लोक आकडे जुळवून सांगतात: तो चौदाशेचा, ती चौदाची. हे वाक्य आपण टोमणा म्हणून ऐकतो. पण हीच मुक्ताबाई दुसऱ्या गोष्टीत नामदेवाला कच्चं ठरवते, गोरोबाकाकांच्या थापटण्याची ती प्रसिद्ध गोष्ट. कच्चं मडकं आणि कोरा कागद या शिव्या नव्हेत. मडकं भाजता येतं. कागदावर लिहिता येतं. निवृत्तीनाथांनी ज्ञानदेवाला सांगितलं, उत्तर लिही. ते उत्तर म्हणजे 'चांगदेव पासष्टी'.

पासष्ट ओव्या. रांगेतल्या नंबराची वाट बघताना फोनवर वाचून होतील एवढ्या. समजतील असं नाही, मलाही पहिल्या दोन वाचनांत निम्म्याच लागल्या. चमत्काराची अपेक्षा ठेवून वाचणाऱ्याला पहिला धक्का हा बसतो, की चौदाशे वर्षांचा तिथे उल्लेखच नाही. वाघ नाही, सिद्धी नाहीत, तू चुकलास असंही नाही. ज्ञानदेवाने समोरच्याचा रेझ्युमे उघडलेलाच नाही. 'किती' हा प्रश्न तो घेतच नाही. तो घेतो 'कोण'. दागिने अनेक झाले तरी सोनं आहे ते आहे. लाटा उठल्या तरी पाणी पाणीच. आरशात तोंड दिसतं तेव्हा काही दोन तोंडं होत नाहीत. आरसा काढून घेतला तरी तोंड जिथल्या तिथे. बघणारा, बघायची वस्तू आणि बघणं असे तीन तुकडे आपण पाडतो, ते एकाच जाणिवेचे खेळ आहेत. हे जर खरं, तर वर्षं मोजणारा आणि मोजली गेलेली वर्षं यांत साठवायचं कुणी आणि काय?

मला वाटतं, काळाबद्दल एक अक्षर न लिहिता काळाला दिलेलं इतकं पुरं उत्तर मराठीत दुसरं नसावं. उर्सुला ल ग्विनच्या 'द डिस्पझेस्ड' (१९७४) या कादंबरीत शेवेक नावाचा शास्त्रज्ञ आहे. काळ एकामागून एक घडतो की सगळा एकदम असतो, या दोन पक्षांचा मेळ घालण्यात त्याचं आयुष्य जातं. तो पुस्तकाची उपमा देतो: पानं सगळी एकदम असतात, वाचायची मात्र क्रमाने. पासष्टी आणखी एक पाऊल मागे सरकते आणि वाचणाऱ्याकडे बोट दाखवते. बोर्हेसच्या 'त्लोन' या १९४० च्या कथेत एक काल्पनिक ग्रह आहे. तिथल्या लोकांना वस्तू आपण बघत नसताना टिकून राहतात हे पटत नाही, आणि तिथला एक पंथ काळच नाकारतो. ती कथा वाचताना बुद्धीला गुदगुल्या होतात, पण तिथल्या कुठल्या पंथीयाला हातातला कागद कोरा सोडून द्यावा लागलेला मला आठवत नाही. आपल्याकडे जयंत नारळीकरांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत'मध्ये मराठे जिंकलेला दुसरा इतिहास आहे, बखरीचं फाटलेलं पान आहे. पण ती गोष्ट शेवटी विज्ञानाचं स्पष्टीकरण देऊन निवांत होते. जी. एंच्या 'रमलखुणा'त (१९७५) दोनच दीर्घकथा आहेत, 'प्रवासी' आणि 'इस्किलार'. जी. ए. कुणालाच निवांत होऊ देत नाहीत. त्यांच्या जगात काळ आधीच लिहून झालेला असतो आणि माणसाला तो वाचण्याचा शाप असतो. कोरा कागद त्यांच्या जगात मिळालाच नसता.

पासष्टीबद्दल एक तक्रारही नोंदवतो. ती भराभर उपमा देत जाते आणि प्रत्येक उपमा त्याच जागी आणून सोडते. सोनं कळलं की लाटेत नवं काही कळत नाही. चाळिशीच्या ओव्यांपर्यंत मी थकलो होतो. पण शेवटाकडे एक वळण येतं आणि तिथे मी सावरून बसलो. ज्ञानदेव म्हणतो, की तुला भेटावंसं फार वाटतं. पण आपली भेट मुळातच झालेली आहे, ती या भेटण्याने विस्कटेल की काय अशी भीती वाटते. पाण्याचा ठाव बघायला मीठ आत शिरलं तर परत येऊन सांगणार कोण? सगळं एकच आहे असं इतक्या ओव्या सांगून झाल्यावर हा मुलगा 'तुला भेटावंसं वाटतं' असं लिहितो. तत्त्वज्ञान पुरं झालं होतं. हे वाक्य त्यात बसत नाही, आणि त्याने ते खोडलेलं नाही.

आता वाघ. पत्र मिळालं, चांगदेवाला उमगेना, म्हणून तो वाघावर बसून, सापाचा चाबूक करून, शिष्यांचा लवाजमा घेऊन निघाला. समोर ही भावंडं भिंतीवर बसलेली. ती भिंत चालवत सामोरी आली. महिपतींच्या 'भक्तविजया'त (१७६२) ही कथा आहे. प्रभातच्या १९४० च्या 'संत ज्ञानेश्वर' चित्रपटात भिंत खरोखर चालते. वाघावरचा एक आणि भिंतीवरचा दुसरा ही जोडी सूफी पीरांच्या गोष्टींतही भेटते, म्हणजे हा हातोहात फिरणारा इफेक्ट आहे, आपल्या गोष्टीचा खास माल नव्हे. खास माल एवढाच, की लोकांनी चांगदेवाला पासष्टी वाचून ज्ञानी होऊ दिलं नाही. पासष्ट ओव्या पोचल्या, तरी तो उठून आला. लिहिलेलं पुरलं नाही, यावं लागलं. माझ्या मते ही दंतकथा म्हणजेच पासष्टीवरची पहिली समीक्षा आहे. आणि आल्यावर त्याने गुरू कुणाला केलं? पत्र लिहिणाऱ्याला नाही. कोरा म्हणणाऱ्या मुक्ताबाईला.

हे सगळं मला इतकं का लागलं, त्याचं कारण हिंगोलीत आहे.

आमच्याकडच्या मुलांना चांगदेवाआधी औंढा नागनाथ कळतो. नामदेव कीर्तन करत होते, त्यांना देवळामागे जायला सांगितलं, तर देऊळच फिरलं. खूण म्हणून नंदी देवळाच्या मागच्या बाजूला दाखवतात. नामदेवांचं नरसी आमच्याच तालुक्यात. मुक्ताबाईने कच्चं ठरवल्यावर ते गुरूच्या शोधात औंढ्याला आले, तर विसोबा खेचर पिंडीवर पाय ठेवून पडलेले. पाय उचलून दुसरीकडे ठेवायला गेले, तर तिथेही पिंडी. नामदेवांना 'कुठे' या प्रश्नाने घेरलं होतं, चांगदेवाला 'किती'ने. लहानपणी मला पहिली गोष्ट घरची वाटायची आणि दुसरी लांबची. आता त्याच औंढ्याजवळ दुधाळ्याच्या शिवारात लायगो-इंडियाची वेधशाळा होतेय. २०२३ मध्ये केंद्राने तिला २६०० कोटींची मंजुरी दिली. चार-चार किलोमीटरच्या दोन भुजा असतील, आणि कोट्यवधी वर्षांपूर्वी कृष्णविवरं एकमेकांवर आदळली त्याने अवकाश-काळाला बसलेला हिसका त्यांच्यात मोजला जाईल. हे मोजमाप प्रोटॉनच्या आकारापेक्षा हजारो पटींनी बारीक. गावाकडचे मित्र अभिमानाने सांगतात, मीही सांगतो. 'कुठे'च्या गावात आता 'किती' येतंय.

आजी मात्र 'कोण'ची निघाली.

तिचं वय कुणालाच नक्की ठाऊक नव्हतं. आधारवर तिची जन्मतारीख १ जानेवारी, त्या पिढीतल्या निम्म्या लोकांची असते तशी. शेवटच्या तीन वर्षांत तिची एकेक गोष्ट पुसत गेली. आधी आजचा दिवस, मग आमची नावं, मग गेली तीस-चाळीस वर्षं. मी सुट्टीत गेलो की तिच्या बाजेवर बसायचो आणि ती विचारायची, "कुनाचा रे तू?" आमच्याकडे अनोळखी पोराला हेच विचारतात. मी म्हणायचो, "तुझ्या थोरल्याचा." ती हसायची. "त्याचं लगीन व्हायचंय अजून."

त्याच दिवसांत मी पासष्टी तिसऱ्यांदा वाचत होतो. ओवी म्हणते, दिसणारं पुसलं तरी बघणारा तसाच असतो. ते मला समोर दिसत होतं, हे मी नाकारत नाही. नावं गेली, साल गेलं, तरी बाजेवर कुणीतरी होतं, टक लावून बघणारं, खिडकीतल्या उन्हाने खूश होणारं. पासष्टी खोटी नव्हती. पण मला त्याने धीर आला नाही. बघणारा शाबूत होता आणि मी दिसणाऱ्यांपैकी होतो, पुसल्या गेलेल्यांपैकी. सोनं आहे तसं असतं, हे मोडल्या दागिन्याला सांगून उपयोग काय? ज्ञानदेवाचं ते न बसणारं वाक्य, भेटावंसं वाटतं हे, मला तेव्हा लागलं. आधी ते रचनेतली ढिलाई वाटलं होतं. आता वाटतं, त्या वाक्यासाठीच बाकीचं वाचावं.

मित्राला मी हे सगळं एवढं सांगितलं नाही. पासष्टीची लिंक पाठवली. त्याने दोन दिवसांनी लिहिलं, की आरशापर्यंत कळलं, पुढे नाही, पण तो मायन्याचा घोळ जबरी आहे. मग विचारलं, "तुझी आजी 'लगीन व्हायचंय' म्हणाली की तू काय म्हणायचास?"

पहिल्या वर्षी मी तिला समजावत होतो. साल सांगायचो, बाबांना समोर उभं करायचो, लग्नाचा फोटो काढून दाखवायचो. ती घाबरायची. नंतर सोडून दिलं. तिच्या थोरल्याचं लग्न व्हायचं होतं आणि त्याचा मुलगा तिच्या बाजेवर बसला होता, दोन्ही तसंच राहू दिलं. मी म्हणायचो, "हो, व्हायचंय." ती थोडा वेळ माझ्याकडे बघायची, आणि म्हणायची, "बरं. जेवून जाय मंग."